कूलंट पुन्हा पुन्हा कमी होतंय आणि गळती सापडत नाही? वॉटर बॉडी अशी तपासा

पंधरा दिवसांपूर्वी बाटली भरली होती, आज पातळी पुन्हा खालच्या रेषेवर. गाडीखाली एक थेंब नाही. गॅरेजमध्ये कॅप बदलून झाली, होजपाइपच्या क्लिपा आवळून झाल्या, एकदा रेडिएटरही धुऊन झाला. थोडे दिवस बरे जातात आणि मग पुन्हा तेच. घाट चढताना तापमानाचा काटा मध्याच्या वर सरकतो, सपाटीला लागलं की खाली येतो, आणि काटा खाली आला की आपणही तो विषय सोडून देतो. अशी तक्रार घेऊन फिरणाऱ्या गाड्यांपैकी बऱ्याच गाड्यांत दोष निघतो तो वॉटर पंपात, मिस्त्रीलोक ज्याला वॉटर बॉडी म्हणतात त्यात. हा पंप सहसा एका दिवसात जात नाही. जायच्या आधी बरेच दिवस तो खुणा देत असतो, पण आपण बाटलीत तांब्याभर पाणी ओततो आणि त्यातली सर्वांत महत्त्वाची खूण पुसून टाकतो.

कूलंट, म्हणजे इंजिन थंड ठेवणारं द्रव, पेट्रोलसारखं खर्च होत नाही, हे आधी पक्कं धरा. आजच्या गाडीत ते बंद जागेत, दाबाखाली फिरतं. कॅप साधारण १ बारच्या आसपास दाब धरून ठेवते आणि त्यामुळेच निम्मं पाणी-निम्मं कूलंट हे मिश्रण १२५ अंशांपर्यंतही उकळत नाही. उघड्या भांड्यात तेच मिश्रण १०७-१०८ अंशांना उकळू लागेल. वर्षाकाठी पातळी बोटभर खाली गेली तर काळजी नको. महिन्याला अर्धा लिटर लागत असेल तर ते कुठून तरी बाहेर पडतंय किंवा इंजिनात शिरतंय, तिसरी शक्यता नाही. आणि कमी पडेल तेवढं साधं पाणी टाकत राहिलो की मिश्रण पातळ होतं, गंज रोखणारी द्रव्यं विरळ होतात आणि ज्या पंपाला वाचवायचं त्यालाच गंज खाऊ लागतो.

पंपाची रचना समजून घेतली की तपासणी सोपी होते. एका बाजूला पुली, ती बेल्टवर फिरते. पुलीतून आत जाणारा शाफ्ट बेअरिंगमध्ये बसवलेला असतो. शाफ्टच्या दुसऱ्या टोकाला पात्यांचं चाक, म्हणजे इम्पेलर, ते कूलंट ढकलतं. या दोहोंच्या मध्ये सील असतं, कूलंट बेअरिंगपर्यंत पोचू नये म्हणून. सील, बेअरिंग आणि इम्पेलर वेगवेगळ्या कारणांनी जातात आणि तिघांच्या खुणाही वेगळ्या. सील गेलं तर पातळी घटते. बेअरिंग गेलं तर आवाज येतो. इम्पेलर गेलं तर ना गळती ना आवाज, फक्त गाडी गरम होते. “पंप खराब असता तर गळला असता” असं कोणी ठामपणे म्हणालं तर ते फक्त सीलबद्दल खरं आहे.

सील: थेंब न दिसणारी गळती

सीलमध्ये दोन गुळगुळीत चकत्या एकमेकींवर घासत फिरतात आणि त्यांच्यामध्ये कूलंटचाच अतिशय पातळ थर असतो. तोच त्यांचं वंगण. कूलंटमध्ये गंजाचे किंवा क्षारांचे कण आले की चकत्यांवर ओरखडे पडतात आणि कूलंट पाझरू लागतं. हे पाझरलेलं कूलंट बेअरिंगमध्ये शिरू नये म्हणून पंपाच्या अंगाला, सील आणि बेअरिंगच्या मधोमध, एक बारीक भोक ठेवलेलं असतं. त्याला वीप होल म्हणतात. मला विचाराल तर सगळ्या कूलिंग व्यवस्थेत इतका स्पष्ट बोलणारा भाग दुसरा नाही.

मग जमिनीवर थेंब का दिसत नाही? सुरुवातीला पाझर इतका कमी असतो की तो गरम ब्लॉकवरच वाळून जातो. शिवाय हल्लीच्या बहुतेक गाड्यांना खालून प्लास्टिकचं संरक्षक पत्र्यासारखं कव्हर असतं. उरलेसुरले थेंब त्यावर पडतात आणि गाडी चालताना वाऱ्याने सुकतात. कधी सील फक्त गार असतानाच गळतं, कधी फक्त पूर्ण दाबावर. त्यामुळे गरम गाडी गॅरेजमध्ये नेऊन “बघा कुठे गळतंय” म्हटलं तर मिस्त्रीला बहुधा काहीच सापडत नाही, आणि त्यात त्याचा दोष नसतो.

शोधायची असते ती ओल नव्हे, डाग. रात्रभर उभी असलेली गाडी, सकाळी, इंजिन सुरू करण्याआधी. बेल्ट ज्या बाजूला आहेत त्या बाजूने टॉर्चचा प्रकाश टाका आणि पंपाच्या पुलीमागे छोटा आरसा धरा. वीप होलच्या खाली पांढरट, हिरवट किंवा गुलाबी वाळलेली धार दिसली, खरखरीत पापुद्रा दिसला, तर सील पाझरतंय. बेल्टच्या आतल्या बाजूला किंवा शेजारच्या अल्टरनेटरवर (बॅटरी चार्ज करणाऱ्या यंत्रावर) त्याच रंगाचे शिंतोडे असतील तर खात्रीच. इथे एक खुलासा हवा: नव्या पंपाला पहिल्या काही दिवसांत एखादा थेंब येऊ शकतो, चकत्या एकमेकींना बसेपर्यंत. तो थांबायला हवा. थांबला नाही तर पंप परत करा.

रात्री गाडीखाली मोठा पुठ्ठा पसरून ठेवणं हा बिनखर्चाचा उपाय आहे, पण खालचं कव्हर काढता आलं तरच तो कामाचा. सकाळी पुठ्ठ्यावर डाग कुठे पडला ते बघा. डॅशबोर्डच्या खालच्या अंगाला पडलेलं स्वच्छ, बिनवासाचं पाणी एसीचं असतं, ते सोडून द्या. कूलंट बोटांना किंचित बुळबुळीत लागतं आणि त्याला गोडसर वास असतो. चाखून मात्र बघू नका. त्यातलं इथिलिन ग्लायकॉल विषारी असतं, आणि गोड चवीमुळे कुत्री-मांजरी ते चाटतात आणि मूत्रपिंडं निकामी होऊन मरतात. सोसायटीच्या आवारात कूलंट सांडलं तर लगेच भरपूर पाण्याने धुऊन काढा.

घरच्या घरी काहीच सापडलं नाही तर गॅरेजमध्ये प्रेशर टेस्ट मागा. थंड इंजिनावर कॅपच्या जागी हातपंप लावतात आणि कॅपवर लिहिलेल्या दाबापर्यंत हवा भरून काटा पडतो का ते बघतात. गाडी गार असताना आणि इंजिन बंद असताना कूलंट दाबाखाली येतं, त्यामुळे ते वाळून जात नाही, थेंब डोळ्यांनी दिसतो. तरीही दिसलं नाही तर कूलंटमध्ये चमकणारा डाय टाकून दोन-चार दिवस गाडी चालवायची आणि मग निळ्या-जांभळ्या दिव्याखाली तपासायची.

सील पाझरतंय हे कळल्यावर कोणी वीप होलमध्ये एम-सील भरून देतो म्हणाला, तर हात जोडून नको म्हणा. भोक बुजलं की पाझर थेट बेअरिंगमध्ये जातो, ग्रीस धुऊन काढतो, आणि काही महिने चालला असता तो पंप लवकरच जाम होतो.

बेअरिंग: आवाज

बेअरिंग जायला लागलं की सकाळी गार इंजिनावर बेल्टच्या बाजूने घरघर किंवा बारीक शिट्टीसारखा आवाज येतो. तो इंजिनाच्या वेगाबरोबर वाढतो. गाडी उभी असतानाही, न्यूट्रलमध्ये, रेस दिली की चढतो. त्यामुळे चाकाच्या बेअरिंगशी गल्लत होत नाही. गल्लत होते ती शेजाऱ्यांशी. त्याच बेल्टवर अल्टरनेटर असतो, टेन्शनर (बेल्ट ताणून धरणारी पुली) असतो, काही गाड्यांत एसीचा कॉम्प्रेसरही. नुसत्या आवाजावरून पंप बदलायला सांगणारा मिस्त्री अंदाजाने बोलतोय.

खात्री करायची पद्धत अशी. इंजिन गार असताना हा बाहेरचा बेल्ट उतरवायचा आणि इंजिन अगदी काही सेकंदच चालवायचं. आवाज बंद झाला तर दोष बेल्टवर फिरणाऱ्या वस्तूंपैकी एकीत आहे. मग इंजिन बंद करून प्रत्येक पुली हाताने फिरवा. चांगली पुली गुळगुळीत फिरते, खराब पुली अडखळते किंवा खरखरते. पंपाची पुली वर-खाली दोन्ही टोकांना धरून हलवून बघा; जरासाही ढिलेपणा जाणवला तर पंप बदलायचा, त्यात पुढेमागे बघण्यासारखं काही नाही. बेल्ट जागेवर असतानाची साधी खूण म्हणजे आयडलिंगला पुलीच्या कडेकडे लांबून बघणं: ती डुलत असेल तर बेअरिंग गेलंय. ओढणी, सैल बाही, गळ्यातली साखळी सांभाळा. इंजिन बंद असलं तरी काही गाड्यांत रेडिएटरचा पंखा आपोआप सुरू होतो, तिथे बोटं घालू नका.

टायमिंग बेल्टवर, म्हणजे इंजिनातल्या व्हॉल्व्हची वेळ पिस्टनशी जुळवणाऱ्या आतल्या बेल्टवर, चालणारे पंप ही वेगळी आणि जास्त गंभीर बाब आहे. मारुतीच्या के-सिरीज पेट्रोल इंजिनांत टायमिंग चेन असते आणि पंप बाहेरच्या बेल्टवर चालतो, तो दिसतो, ऐकू येतो. डस्टर, टेरॅनो यांचं १.५ लिटरचं डिझेल इंजिन किंवा पोलो, व्हेंटो, रॅपिडमधली १.५ आणि १.६ लिटरची टीडीआय इंजिनं यांत पंप टायमिंग बेल्टच्याच मार्गात, कव्हरच्या आत असतो. तिथे पाझर बाहेर दिसायला उशीर होतो, कूलंट बेल्टवर पडतं, आणि पंप जाम झाला तर बेल्ट दात सोडतो किंवा तुटतो. मग व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटतात आणि खर्च पंपाचा न राहता इंजिनाचा होतो. या गाड्यांत टायमिंग बेल्ट बदलताना वॉटर पंप आणि टेन्शनर सोबतच बदलावेत, जुना पंप कितीही चांगला दिसला तरी. मजुरी एकदाच लागते.

इम्पेलर: सगळ्यात फसवा दोष

प्लास्टिकच्या इम्पेलरला तडा जातो किंवा तो शाफ्टवर सुटा होतो: शाफ्ट फिरतो, इम्पेलर मागे राहतो. पत्र्याचा इम्पेलर साध्या पाण्याने गंजून पातळ होतो. बोअरचं जड पाणी वर्षानुवर्षं ओतलेल्या गाडीचा पंप उघडला की पाती निम्मी झिजलेली दिसतात. बाहेरून मात्र पंप कोरडा, पुली घट्ट, आवाज नाही.

इथे गाडी कधी गरम होते हे बघणं सगळ्यात उपयोगी पडतं. ट्रॅफिकमध्ये, सिग्नलला उभी असताना तापते आणि हायवेला लागली की थंड होते, तर आधी रेडिएटरचा पंखा, त्याचा फ्यूज आणि रिले बघा. पंपाचा संबंध कमी. सपाटीवर ठीक आणि घाटात, किंवा सतत वेगात, तापते, तर कूलंटचा प्रवाह अपुरा आहे: पंप नाहीतर आतून चोंदलेला रेडिएटर. सुरू करून काही मिनिटांतच तापते आणि रेडिएटरचा वरचा होजपाइप थंडच राहतो, तर थर्मोस्टॅट (इंजिन तापल्यावर कूलंटला रेडिएटरकडे वाट देणारी झडप) बंद अवस्थेत अडकलाय.

पंप की रेडिएटर, हे ठरवायला हीटरची मदत घ्या. आपल्याकडे हीटर क्वचितच लावतो, पण तपासणीला तो उत्तम. कूलंट पूर्ण भरलेलं असू द्या, इंजिन तापल्यावर हीटर पूर्ण गरमवर लावा. आयडलिंगला हवा कोमट किंवा गार आणि रेस दिली की गरम, असं होत असेल तर कूलंट नीट फिरत नाहीये. पातळी कमी असली किंवा हवा अडकली असली तरी हेच लक्षण दिसतं, म्हणून भरून आणि हवा काढूनच ही परीक्षा करायची. हीटर व्यवस्थित गरम आणि तरी घाटात काटा चढतो, तर रेडिएटरवर इन्फ्रारेड थर्मामीटर फिरवा. मधेच थंड पट्टे सापडले तर तो आतून चोंदलाय.

पुण्याहून साताऱ्याकडे जाताना खंबाटकीच्या चढावर, मे महिन्याच्या सुट्टीत, बॉनेट उघडून उभ्या असलेल्या गाड्यांची रांग दिसते. त्यातल्या सगळ्यांचे पंप गेलेले नसतात, पण अर्धमेला पंप उघडा पडतो तो अशाच ठिकाणी: भार पूर्ण, वेग कमी, समोरून वारा नाही, एसी चालू. पंप इंजिनाच्याच वेगाने कमी-जास्त फिरतो हे लक्षात ठेवा. वरच्या गिअरमध्ये इंजिन दाबत, गुरगुरत चढवलं तर भार सर्वांत जास्त आणि पंपाचा वेग सर्वांत कमी. खालचा गिअर टाका, एसी बंद करा, हीटर पूर्ण गरमवर सोडा. काटा चढू लागला पण वाफ नाही, तर सुरक्षित जागी थांबून इंजिन आयडलिंगला राहू द्या, पंखा आणि पंप त्याला थंड करतील. वाफ निघाली, लाल दिवा लागला किंवा तापमानासोबत बॅटरीचा दिवाही लागला तर इंजिन त्याच क्षणी बंद. अल्टरनेटर आणि पंप एकाच बेल्टवर असलेल्या गाडीत बॅटरीचा दिवा आणि चढता काटा एकत्र येणं म्हणजे बहुधा बेल्टच गेला. अशा गाडीला आयडलिंगवर ठेवून काही साध्य होत नाही. आणि गरम कॅप कधीही, कोणत्याही घाईत उघडू नका. दाब सुटताच आतलं कूलंट एकदम उकळतं आणि चेहऱ्यावर, हातांवर उडतं.

काट्यावर फार विसंबूही नका. पुष्कळ गाड्यांत तो बऱ्याच तापमानापर्यंत मधेच स्थिर राहील असा बसवलेला असतो, आणि अनेक नव्या गाड्यांत तर काटाच नाही, निळा आणि लाल दिवा एवढंच. कूलंट सेन्सरच्या खाली गेलं तर सेन्सर हवेत उघडा पडतो आणि इंजिन जळत असताना काटा खाली दाखवू शकतो. ब्लूटूथवर चालणारा, गाडीच्या संगणकाला जोडायचा साधा ओबीडी स्कॅनर घ्या, मोबाइलवर खरा आकडा दिसतो. सर्वसाधारणपणे ८५ ते १०० अंशांच्या दरम्यान गाडी राहावी. ११० ओलांडून चढतच राहिली तर थांबा.

पंपावर ठपका ठेवण्याआधी हेड गॅस्केटचा, म्हणजे इंजिनाचं हेड आणि ब्लॉक यांच्यामधल्या पॅकिंगचा, संशय फेडून घ्या. बाटलीत सतत बुडबुडे, गार इंजिनावरही होजपाइप टणक, सायलेन्सरमधून गोडसर वासाचा पांढरा धूर, ऑइल दुधाळ, यातलं काहीही दिसलं तर पंप बदलून पैसे घालवू नका.

बदलला, तरी पुन्हा गेला

नवा पंप सहा-आठ महिन्यांत गळू लागला की “पार्ट डुप्लिकेट निघाला” असं म्हणून विषय संपवला जातो. कधी ते खरंही असतं. पण पहिला पंप ज्याने मारला ते कारण तसंच राहिलं तर अस्सल पार्टही टिकत नाही. बेल्ट प्रमाणाबाहेर ताणला तर बेअरिंगवर कायमचा भार येतो. जुना, कडक झालेला टेन्शनर हेच करतो. जुनं गंजलेलं पाणी न धुता नवा पंप बसवला तर पहिल्याच दिवसापासून कण सीलवर घासतात. पॅकिंगची जागा नीट न खरवडता सिलिकॉन थापलं तर त्याचे तुकडे आत जातात. आणि भरताना हवा काढली नाही तर पंप काही काळ कोरडा फिरतो. सीलच्या चकत्यांना तेवढंही पुरतं.

गळती थांबावी म्हणून रेडिएटरमध्ये हळद टाकायची जुनी पद्धत आहे. जंगलात अडकलेल्या ड्रायव्हरला रेडिएटरच्या बारीक भोकावर तिचा तात्पुरता उपयोग होत असेल, पण फिरत्या शाफ्टवरचं सील हळदीने बुजत नाही. ती हीटरच्या आणि रेडिएटरच्या बारीक नळ्यांत जाऊन बसते. बाजारात मिळणाऱ्या गळती रोखणाऱ्या पावडरींचंही तेच. थर्मोस्टॅट काढून टाकण्याचा सल्लाही मानू नका: इंजिन नेहमी गार राहतं, ॲव्हरेज पडतो, आणि काही इंजिनांत तर कूलंट रेडिएटरला वळसा घालून परत जातं, म्हणजे गाडी उलट जास्त तापते.

कूलंट रंगावरून निवडू नका. हिरवा, गुलाबी, निळा हा कंपनीने घातलेला रंग आहे, जात नव्हे. गाडीच्या पुस्तकात जी प्रत लिहिली आहे ती घ्या, तयार मिश्रण असेल तर त्यात पाणी घालू नका, घट्ट असेल तर डिस्टिल्ड वॉटरच घाला. वेगवेगळ्या जातींची भेसळ झाली तर गाळ धरू शकतो.

मिस्त्रीकडून जुना पंप मागून घ्या आणि फेकायच्या आधी नीट बघा. पाती गंजलेली किंवा टोचे मारल्यासारखी असतील तर कूलंट वाईट होतं, पूर्ण फ्लशिंग करूनच नवं भरा. पाती स्वच्छ पण शाफ्ट ढिला असेल तर बेल्टचा ताण आणि टेन्शनर तपासून घ्या. सीलपाशी पिवळा-तपकिरी गाळ असेल तर आधी कोणीतरी गळती थांबवायला काहीतरी टाकलेलं आहे, रेडिएटर आणि हीटरची नळीही धुवावी लागेल. नवा पंप बसला, हवा काढली, की दुसऱ्या दिवशी गार इंजिनावर बाटलीवर मार्करने पातळीची रेघ मारा आणि शेजारी तारीख लिहा. पहिल्या एक-दोन फेऱ्यांत अडकलेली हवा निघून पातळी थोडी उतरेल. तेवढं भरून नवी रेघ मारा. दर रविवारी सकाळी, गाडी सुरू करण्याआधी, त्या रेघेकडे बघा.